वर न बघण्याचं वर्ष

आखाडा बाळापूरच्या बाजारात माझं घड्याळ दुरुस्तीचं दुकान आहे. दुकान म्हणजे काय, एक काचेचं कपाट, एक स्टूल आणि डोळ्याला लावायचं भिंग. हल्ली लोक मोबाइलची काच बदलायलाच जास्त येतात, त्यांना मी शेजारचा रस्ता दाखवतो, तोही जरा तुसडेपणानं. माझा स्वभाव तिरसट आहे असं गिऱ्हाईकं म्हणतात आणि बायको त्याला दुजोरा देते. घड्याळ दहा मिनिटं पुढे लावून द्या म्हणणाऱ्या माणसाशी तर माझं अजिबात जमत नाही. बस चुकू नये म्हणून, असं तो सांगतो. अरे बाबा, बसला माहीत आहे का तुझं घड्याळ? आता माझ्या घरातलं भिंतीवरचं घड्याळ गेली कित्येक वर्षं दहा मिनिटं पुढेच आहे, पण ते बायकोनं लावलेलं आहे. तिथं माझं काही चालत नाही.

हे सांगायचं कारण असं की वेळेच्या बाबतीत एवढा कडक असलेला मी तीन महिने खोटी वेळ लिहीत होतो. आणि ज्या वहीत लिहीत होतो, तिच्यात खोटं लिहायचं नाही हा मुख्य नियम होता.

आमची एक मंडळी आहे. तिला नाव नाही. आम्ही चौघंजण दर अमावास्येला दिवेलागणीच्या वेळी जवळच्याच एका गावाबाहेरच्या माळावर जमतो आणि एक चांदणी ठरल्या जागी कधी येते ते बघून लिहून ठेवतो. बस एवढंच. गावाचं आणि माणसांचं नाव घेणार नसशील तर सांग कोणालाही, असं आमच्यातल्या थोरल्या माणसानं मला अलीकडेच म्हटलं, म्हणून लिहितो आहे. आम्ही त्यांना मोठे म्हणतो.

ह्या मंडळीचं मूळ पाण्यात आहे. निजामाच्या राज्यात ह्या माळाखालच्या ओढ्याला एक बंधारा होता आणि त्याच्या पाटावर पाळीनं पाणी मिळायचं. घड्याळ कोणाकडे नव्हतं, त्यामुळे पाळी संपली की नाही यावरून डोकी फुटायची. मग कोणीतरी शहाण्यानं तोड काढली. ज्यांची पाटावर जमीन नाही अशा तीन-चार माणसांनी माळावर बसून चांदण्यांवरून आणि पाण्याच्या वाटीवरून वेळ मोजायची आणि पाळी संपली की कंदील हलवायचा. ती माणसं कोण, हे पाळीवाल्यांना कळता कामा नये. कळलं की कोणी हात जोडणार, कोणी काठी दाखवणार. म्हणून सगळं गुपचूप. पुढं बंधारा गाळानं भरला, बोअर आले, पाळ्या गेल्या. मंडळी तेवढी राहिली. आता लपवण्यासारखं काही उरलेलं नाही, पण सवयीनं लपवतो. लोकांना कळलं तर हसतील, हेही आहेच.

वाटी तांब्याची आहे. तिच्या बुडाला बारीक भोक आहे. पाण्यानं भरलेल्या घंगाळात ती अलगद सोडायची, भोकातून पाणी आत चढत जातं आणि बरोबर चोवीस मिनिटांनी ती डुबुक आवाज करून तळाला जाते. मी माझ्या सगळ्यांत चांगल्या घड्याळाशी ताडून बघितली आहे. काही सेकंदांचा फरक आला, तेव्हा घड्याळातच दोष असावा असं मला वाटलं.

मी मंडळीत कसा आलो, तेही सांगतो. मोठे म्हणजे निवृत्त पाटकरी, कालव्याच्या पाण्याच्या पाळ्या लावण्यात त्यांची हयात गेली. ते महिन्या-दोन महिन्यांनी दुकानात यायचे आणि चावीचं जुनं घड्याळ काचेवर ठेवून म्हणायचे, मागं पडतंय, बघ. मी उघडून बघायचो, काही नसायचं. तिसऱ्या खेपेला माझं डोकं फिरलं. घड्याळ चांगलं हाय, तुमीच खोटं बोलून राहिलात, असं मी भर बाजारात त्यांना सुनावलं. ते हसले आणि येत्या अवसेला गाडी घेऊन ये म्हणाले. नंतर कळलं की आधी दोन दुकानदारांनी ते घड्याळ ‘दुरुस्त’ करून दिलं होतं.

उरलेली दोघं म्हणजे बाई आणि भाऊ. बाई जिल्हा परिषदेच्या शाळेत गणित शिकवतात. पाटावर त्यांच्या घराण्याची जमीन नव्हती, असू दिलीच नव्हती कोणी, आणि नेमकं त्याचमुळे त्यांचे आजोबा मंडळीत घेतले गेले. ज्या पाण्याला त्यांना हात लावू देत नसत, त्याची वेळ ते माळावरून ठरवत होते. बाई हे सांगताना हसतात, पण आम्ही हसत नाही. भाऊंचा वारंगा फाट्यावर ढाबा आहे. दिवसभर ट्रकवाल्यांची हाळी ऐकून कान किटलेले असतात, माळावर कोणी काही मागत नाही म्हणून येतो, असं ते म्हणतात.

दर महिन्याची चांदणी वेगळी आणि खूणही वेगळी. मार्गशीर्षात तिकांडं, म्हणजे एका रेषेतल्या तीन चांदण्या, ते पूर्वेच्या बाभळीवर कधी येतं ते बघायचं. फाल्गुनात म्हातारीची बाज, म्हणजे सप्तर्षी; चार चांदण्या बाजेच्या, तीन चोर. म्हातारीची बाज तीन चोर पळवून नेतात ही गोष्ट आमच्याकडे लेकरांना सांगतात. त्यातला शेवटचा चोर ईशान्येला मोबाइल टॉवरच्या लाल दिव्यावर आला की वेळ झाली. पूर्वी तिथं ताडाचं झाड होतं. झाड पडलं आणि टॉवर आला. मोठ्यांनी वहीत ताडाशेजारी टॉवर लिहिलं, कुरकुर केली नाही.

मोठे बघून बोलायचे, “चोर दिव्यावर आला.” मग आम्ही तिघांनी आपापल्या डोळ्यांनी बघायचं आणि एकेकानं बराबर म्हणायचं. तिघांचं बराबर झालं की मी वहीत लिहायचं, किती वाट्या बुडाल्या, पुढची किती भरली. आभाळ असलं तर आभाळ लिहायचं. न बघता जो बोलेल किंवा चूक बोलेल, त्याला शिक्षा एकच, पुढच्या पाडव्यापासून वर्षभर त्यानं माळावर आल्यावर मान वर करायची नाही, घंगाळात पाणी भरायचं आणि वाटी सोडायची-काढायची. भाऊंनी एकदा पश्चिमेच्या गुरूला शुक्र म्हटलं होतं. ते वर्षभर खाली मान घालून बसले. नव्या सुनेसारखं वाटत होतं, म्हणतात.

आणि दुसरा एक नियम. वाटी ज्याच्या घरी राहते, तोच चांदणी बघून बोलतो. ज्याला चांदणी दिसेनाशी झाली, त्यानं वाटी दुसऱ्याच्या हातात देऊन घरी बसायचं. मोठ्यांच्या आधीच्या माणसानं तसंच केलं होतं.

दिवाळीनंतर महिनाभरानं मोठे दुकानात आले आणि काचेच्या कपाटावर हात फिरवत स्टुलापर्यंत पोचले. चहाचा कप मी हातात दिला, तो त्यांनी जपून, बोटांनी कड चाचपून घेतला. चारच दिवसांनी त्यांची सून घड्याळाचा पट्टा बदलायला आली. तिनं सांगितलं, नांदेडच्या डॉक्टरनं काचबिंदू म्हटलं आहे, गेली ती नजर येत नाही, उरलेलीही अंधारात कामाची नाही. घरच्यांना मंडळी माहीत नव्हती. मोठे अमावास्येला माझ्याबरोबर भजनाला जातात अशी त्यांची समजूत होती; मीही माझ्या घरी तेच सांगितलेलं.

“काका, तेवढं भजन बंद करू नका त्याह्यचं,” ती म्हणाली. “महिनाभर बाजेवर बसून राहतात, कोनाशी बोलत न्हाईत. अवस आली की दुपारपासून धुतलेलं धोतर मागतात. तेवढंच राहिलं हाय बघा.”

मी बाईंना आणि भाऊंना सांगितलं. तिघं ढाब्यावर बसलो. नियमाप्रमाणे मोठ्यांकडून वाटी घ्यायला हवी होती. पण घ्यायची कोणी? आणि घेतली तर तो माणूस पुढे काय करणार, हे सुनेनं सांगितलंच होतं. आम्ही काही ठरवलं नाही. न ठरवण्याचंच ठरलं, असं म्हणा.

मार्गशीर्षाच्या अमावास्येला मोठे बोलले, तिकांडं बाभळीवर आलं. ते हातभर वर गेलं होतं. मी बराबर म्हटलं. सगळ्यांत आधी मी म्हटलं, हे लिहून ठेवतो. मग बाईंनी, मग भाऊंनी. एवढी वर्षं बघितल्यामुळे त्यांचा अंदाज फारसा चुकायचा नाही, पाच-सात मिनिटांचा फरक पडायचा. पौषातही तसंच झालं. माघात मात्र ते चांगली अर्धी वाटी आधी बोलले. चांदणी अजून खूप खाली होती. तरीही तीन वेळा बराबर झालं आणि मी ते वहीत सुवाच्य अक्षरात लिहिलं. घरी येऊन जेवण गेलं नाही. बायकोनं विचारलं, भजनात काही झालं का? ती भजन हा शब्द अशा काही सुरात म्हणाली की तिला सगळं ठाऊक असावं अशी मला शंका आली. माझ्या डब्यात ती नेहमी चौघांच्या भाकरी देते, हेही तेव्हाच ध्यानात आलं.

फाल्गुनाची अमावास्या आमच्या वर्षाची शेवटची. दुसऱ्या दिवशी पाडवा, त्या आधी वही बंद करायची आणि पुढच्या वर्षी वाटी कोणाकडे हे ठरवायचं. त्या दिवशी दुपारी चारपासून ढग दाटून आले. मी मोठ्यांना आणायला गेलो तेव्हा गल्लीत जो तो वाळत घातलेली हळद झाकायच्या गडबडीत होता. मोठे धुतलेल्या धोतरात ओट्यावर तयार बसले होते. गाडीवर मागे बसून ते माझा खांदा धरून होते. हवा कुंद होती. ह्यांच्या लक्षात येईल, आभाळ म्हणतील, एक महिना निभेल, असं मी मनात म्हणत होतो. बाई आणि भाऊही तेच म्हणत असणार.

माळावर पोचलो. भाऊंनी खालच्या हापशावरून पाणी आणलं. वाटी सोडली. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत आभाळ भरलेलं होतं, औषधाला चांदणी नव्हती. टॉवरचा लाल दिवा तेवढा दिसत होता. पहिली वाटी बुडाली. मोठ्यांनी तोंड ईशान्येकडे केलं आणि नेहमीच्या आवाजात बोलले.

“चोर दिव्यावर आला.”

मी बाईंकडे बघितलं, बाईंनी खाली बघितलं. आभाळ आहे म्हटलं असतं तर तुम्हाला दिसत नाही असं म्हटल्यासारखं होतं. माझ्या तोंडून शब्द निघाला, बराबर. मग बाई म्हणाल्या. भाऊंना ठसका लागला, पण तेही म्हणाले.

मग मोठ्यांनी विचारलं, “हळद झाकली का रे गावानं सगळ्या?”

भाऊंनी बुडालेली वाटी काढून पालथी ठेवली.

“ताडपत्र्यांचा आवाज मी दुपारपासून ऐकून राहिलो,” ते म्हणाले. “माघात मी मुद्दाम अर्धी वाटी आधी बोललो होतो. म्हणलं, कोनी तरी टोकंल. आज म्हणलं, भरल्या आभाळात बोलून बघावं. आता तरी टोकतील.”

मला लाज वाटली, आणि लाज वाटली की मला राग येतो, ही माझी जुनी खोड. मी त्यांच्यावरच उखडलो. दिसत न्हाई तर वाटी खाली ठेवायची, हे तुमीच शिकवलं ना, मग काहून न्हाई ठेवली, असं मी त्यांना विचारलं. बाईंनी माझा हात दाबला. पण शब्द सुटून गेले होते.

“न्हाई ठेवता आली,” मोठे म्हणाले. “दर अवसेला घरून ठरवून यायचो, आज सांगायचं. इथं आलं की तोंडातून निघत न्हाई. मग म्हणलं, तुमी म्हणाल. तुमी बी न्हाई म्हणलात. तुमच्या मायेची मला तकलीफ झाली, पोरा.”

एवढं बोलून ते रडले नाहीत, मीच रडलो. अंधार होता, पण त्यांना अंधाराची काय अडचण, त्यांनी हात पुढे करून माझी पाठ बरोबर शोधली. भाऊ उगाच घंगाळातलं पाणी ढवळत होते.

मग मोठ्यांनी वही काढायला लावली. मी तीन महिन्यांच्या ओळी खोडायला निघालो, तर खोडू नको म्हणाले, खोडलेलंही खोटंच असतं, शेजारी लिही. मी मोबाइलच्या उजेडात प्रत्येक ओळीशेजारी ‘खोटे’ असं लिहिलं आणि खाली त्या दिवसाचं लिहिलं, ‘आभाळ. काही दिसले नाही.’

आता प्रश्न शिक्षेचा. बाई गणिताच्या, त्यांनी हिशेब मांडला. खोटं बोललेले आम्ही तिघं. न बघता बोललेले मोठे. म्हणजे चौघंही दोषी, चौघांनाही वर्षभर मान वर करायची नाही. मग चांदणी बघणार कोण? भाऊ म्हणाले, एकाला सूट द्या. मोठ्यांनी सूट द्यायला साफ नकार दिला. आणि ते स्वतः घरी बसणार का, हे विचारायची कोणाची हिंमत होईना. शेवटी बाईंनीच सांगितलं की शिक्षा अर्धी ठेवून कोणाला घरी बसता येत नाही, नियमात तशी सोयच नाही. तुमी आधी वर्षभर पाणी भरा, वाटी द्यायचं मग बघू.

मोठे विचारात पडले. पाटकऱ्याला नियमात पकडलं होतं. “बराबर,” ते शेवटी म्हणाले.

पाडव्यापासून ते वर्ष सुरू झालं. दर अमावास्येला आम्ही चौघं माळावर जातो, घंगाळाभोवती खाली मान घालून बसतो आणि वाट्या बुडताना ऐकतो. दिसण्यासारखं पाण्याशिवाय काही नसतं, आणि अंधार पडला की तेही नसतं. पहिल्या महिन्यात मला वाटलं होतं, जीव नकोसा होईल. झालं उलटंच. मोठ्यांना वाटी बुडायच्या आधीच कळतं, कड पाण्याला टेकली की सूर बदलतो म्हणतात. आम्हाला तो ऐकू यायला चातुर्मास गेला. ते ह्या वर्षात आमच्याशी जेवढं बोलले, तेवढं आधी कधी बोलले नव्हते. पाटावरच्या भांडणांबद्दल बोलले, डोळ्यांबद्दल बोलले. कडेकडेनं नजर कशी विझत आली, आधी सुनेचा चेहरा कसा गेला आणि आवाजावरून ती हसते की नाही हे ते कसं ओळखायला शिकले. चांदण्या जिथं होत्या तिथंच होत्या, पण त्यांना दिसत नव्हत्या आणि आम्हाला बघायच्या नव्हत्या. त्या अंधारात आम्ही चौघंही सारखेच होतो. वहीत मी प्रत्येक महिन्याला एकच ओळ लिहितो, ‘पाहिले नाही.’ ती ओळ लिहिताना मला जेवण न जाण्याचा त्रास कधी झाला नाही.

बायकोचं भिंतीवरचं घड्याळ अजून दहा मिनिटं पुढे आहे. त्यावरून मी आता भांडत नाही. ते पुढे आहे हे घरातल्या सगळ्यांना माहीत आहे, एकमेकांपासून कोणी लपवत नाही, तेव्हा त्याला खोटं म्हणता येणार नाही. हे मी तिला सांगितलं. एवढं कळायला इतकी वर्षं भजन करावं लागलं का, असं तिनं विचारलं.

मागच्या मार्गशीर्षातल्या अमावास्येची गोष्ट. थंडी होती, आभाळ धुतल्यासारखं स्वच्छ असणार हे हवेवरूनच कळत होतं. दुसरी वाटी सोडली होती. मी पाय आखडले म्हणून उठून उभा राहिलो आणि मान वर गेली. मुद्दाम केली असं म्हणणार नाही, आपोआप झाली असंही म्हणणार नाही. बाभळीच्या वर तिकांडं उभं होतं. नऊ महिन्यांनी बघत होतो. किती वेळ बघितलं कोणास ठाऊक. बाई आणि भाऊ खाली मान घालून बसले होते, कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. मोठ्यांच्या लक्षात यायचा प्रश्नच नव्हता. पाडव्याला तीनच महिने उरले होते. गप्प बसलो असतो तर चाललं असतं.

“मोठे,” मी म्हणालो, “मी वर बघितलं.”

बाई आणि भाऊ दचकले. मोठ्यांनी तोंड माझ्याकडे वळवलं.

“काय दिसलं?”

“तिकांडं. बाभळीच्या वर, हातभर.”

ते थोडा वेळ मनातल्या मनात मोजत राहिले. महिना, तिथी, बुडालेली वाटी, भरत आलेली वाटी.

“बराबर,” ते म्हणाले. त्यांच्या आवाजात हसू होतं, ते मला आता ओळखता येतं. “तुजं एक वरीस वाढलं. आता माज्याजवळ बस.”

मी त्यांच्या शेजारी बसलो. वाटी बुडाली, तेव्हा ती पाण्यातून काढायला दोघांचेही हात एकदमच गेले.